नव्या संगणकावर जुनी प्रणाली

शाळेत नवा संगणक येतो, परंतु हात बसलेला असतो तो विंडोज ७ या जुन्या प्रणालीवर. तीच नव्या यंत्रावर घालून घ्यावी, असे अनेक शिक्षकांस वाटते. पुष्कळदा ती चालत नाही, किंवा चालली तरी सक्रिय होत नाही. असे का होते, हे पाहू.

संगणक सुरू होताच प्रथम जागी होते ती यंत्रातच कायम साठविलेली मूळ आज्ञावली. १९८१ च्या आयबीएम संगणकापासून हे काम बायोस करीत आला. त्याच्या जोडीची एमबीआर ही डिस्कच्या विभागांची नोंद. तीत मुख्य विभाग चारच मावतात. नव्या यंत्रांत बायोसच्या जागी यूईएफआय व एमबीआरच्या जागी जीपीटी आली आहे. विंडोज ७ ची ३२ बिटांची आवृत्ती जीपीटीवरून सुरूच होत नाही. ६४ बिटांची होते. परंतु पडद्यावर चित्र उमटविण्यास तिला जुन्या बायोसचे साहाय्य लागते, व ते अनेक नव्या यंत्रांत उरलेले नाही.

सक्रिय करणे म्हणजे प्रणालीचा परवाना रीतसर असल्याची खात्री पटविणे. मोठ्या उत्पादकांच्या जुन्या यंत्रांत त्याची खूण बायोसमध्येच असे. ती पाहून विंडोज ७ आपोआप सक्रिय होई. विंडोज ८ पासून प्रत्येक यंत्राची स्वतंत्र किल्ली मूळ आज्ञावलीत ठेवण्याची रीत आली. विंडोज ७ ला त्या किल्लीचा उपयोग नाही. बाजारात फुकट मिळणाऱ्या काही ‘सक्रिय करणाऱ्या’ आज्ञावल्या जुनी खूण खोटीच उभी करतात. एमबीआरसाठी रचलेली अशी आज्ञावली जीपीटीवर लागू पडत नाही. उलट यंत्र सुरू होणेच बंद पडू शकते. परवान्याचा भंग होतो तो वेगळाच.

यावर कोणी जीपीटी मोडून एमबीआर करण्याचा उपाय सुचवितात. विंडोजच्या डिस्कपार्ट या साधनाने तसे करावयाचे तर आधी संपूर्ण डिस्क रिकामी करावी लागते. विद्यार्थ्यांच्या नोंदी व निकालपत्रके त्यात असतील, तर तीही जातात.

यास्तव दुरुस्तीसाठी आलेल्या गृहस्थाच्या हाती यंत्र देण्यापूर्वी सर्व नोंदींची प्रत बाहेर काढून ठेवावी. ‘सिस्टिम इन्फर्मेशन’ उघडून ‘बायोस मोड’पुढे ‘यूईएफआय’ आहे की ‘लेगसी’, हे पाहावे. विंडोज ७ चे सर्वसाधारण साहाय्य १४ जानेवारी २०२० रोजी संपले. म्हणून यंत्रासोबत आलेली प्रणालीच राखणे श्रेयस्कर. परवान्याचा खर्च झेपत नसेल, तर लिनक्स ही मुक्त प्रणाली आहे. केरळातील शासकीय शाळांनी तिचा मार्ग केव्हाच धरला आहे. नव्या प्रणालीची सवय काही दिवसांत होते. गेलेल्या नोंदी मात्र परत येत नाहीत.