चोपण म्हणजे खारवट नव्हे

कृष्णाकाठच्या ऊसपट्ट्यात बिघडलेल्या रानाला सर्रास ‘खारवट’ म्हणतात. पण चोपण जमिनीचं दुखणं वेगळं. तिथे मातीच्या कणांना धरून बसलेल्या सोडियमचं प्रमाण १५ टक्क्यांवर आणि सामू साधारण ८.५च्या वर असतो. कण सुटे होतात, छिद्रं बुजतात. ओली असताना चिकट, वाळली की दगड. भरपूर पाणी देऊन क्षार धुऊन काढा, असं कुणी म्हणेल. निचरा चांगला असेल तर खारवट रानात ते खरंच. चोपण रानात मात्र पाणी मुरता मुरत नाही, आणि विरघळणारे क्षार गेले की माती आणखीच घट्ट बसते. आधी जिप्सममधलं कॅल्शियम सोडियमला हुसकावतं, मगच पाणी त्याला चरांवाटे बाहेर नेतं. तेव्हा माती परीक्षणाचा अहवाल हाती येईपर्यंत जिप्समची पोती आणू नका. नुसत्या खारवट जमिनीत तो खर्च वायाच.