लशीची पेटी आणि बर्फ

१२ जानेवारी २०२१ रोजी पहाटे पुण्याहून कोविडच्या लशीचे ट्रक निघाले, तेव्हा त्यांची पूजा झाली. त्या पेट्या पुढे कोणाकोणाच्या हातून गेल्या, याचा विचार फार थोड्यांनी केला असेल. आमचे आयुष्य हमाल, चालक व गोदामकामगार यांच्या संघटनेत गेले. आमचे लक्ष त्या हातांकडेच जाते.

बहुतेक लशी २ ते ८ अंश सेल्सिअस उष्णतामानात ठेवाव्या लागतात. उष्णतेने लस बिघडते हे सर्वांस ठाऊक आहे. ती थंडीनेही बिघडते, हे ऐकून आमच्या एका बैठकीत पेट्या भरणारा वयस्क कामगार चकित झाला. "अहो, आम्ही तर भल्यासाठीच बर्फ जास्ती दाबत होतो!" त्याचा काय दोष? त्याला कोणी सांगितलेच नव्हते.

घटसर्प, डांग्या खोकला, धनुर्वात यांच्या लशीत आणि काविळीवरील 'ब' लशीत ॲल्युमिनियमचा क्षार असतो. औषधाचा अंश त्याच्या सूक्ष्म कणांना चिकटून राहतो. लस एकदा गोठली की त्या कणांच्या गुठळ्या होतात आणि ती वितळली तरी पूर्वस्थिती येत नाही. वरवर पाहता कुपी तशीच दिसते. सुई टोचली जाते, मूल रडते, आई निश्चिंत होऊन घरी जाते. संरक्षण मात्र उणेच राहते. (तोंडाने द्यावयाची पोलिओची लस गोठून बिघडत नाही, तेव्हा सर्व पेट्यांना एकच नियम सांगूनही भागत नाही.)

कुपीवर वर्तुळात एक फिकट चौकोन छापलेला असतो. उष्णता लागत जाईल तसा तो गडद होतो. वर्तुळाच्या रंगाशी मिळाला की ती कुपी वापरावयाची नाही. निरक्षरालाही वाचता येणारी ही खूण आम्हांस फार मोलाची वाटते. परंतु ती उष्णतेचाच हिशेब ठेवते, गोठण्याचा नाही.

तो माणसानेच ठेवावयाचा. डीप फ्रीझरमधून काढलेला आईसपॅक तडक पेटीत घालू नये. तो बाहेर मांडावा, अंगावर पाण्याचे थेंब सुटू द्यावेत, मग कानाशी धरून हलवावा. आत पाणी खळखळले म्हणजे बर्फ शून्य अंशावर आला. त्याआधी तो शून्याच्या पुष्कळ खाली असतो आणि शेजारच्या कुपीला गोठवतो. याला वेळ लागतो. गाडी लागलेली, मुकादम ओरडतो आहे, अशा वेळी आईसपॅक कानाला लावून उभा राहणारा माणूस कामचुकार ठरतो. हा वेळ कामाच्या तासांत धरावा, असे आम्ही मालकांना लेखी कळविले आहे.