अंधारातली छिद्रं

सुलतानपूरला गेलो की पुतण्या मोबाइल पुढे करतो. या खेपेला त्याच्या रीलमध्ये तो दोनदा होता: एक ओट्यावर बसलेला, दुसरा त्याच्याच पाठीत धपाटा घालणारा. "काका, सांगा बरं कसं केलं?"

मला लगेच दादासाहेब फाळके आठवले. संपादकांनी त्यांच्यावर लेख मागितला होता, म्हणून मी आठवडाभर 'कालियामर्दन' (१९१९) बघत होतो. त्यात कृष्ण झाली आहे ती फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. आधी ती साध्या वेशात येऊन चेहऱ्यावरचे भाव दाखवते आणि बघता बघता विरघळून कृष्ण होते. हे सगळं कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवून केलेलं.

त्र्यंबकेश्वरचा जन्म, जे.जे., बडोद्याचं कलाभवन, छपाईचा धंदा, १९१२ ची लंडनवारी, ३ मे १९१३ ला कोरोनेशन चित्रपटगृहात 'राजा हरिश्चंद्र'. एवढं पोरांनाही पाठ असतं. मी अडकलो त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंच्या कामात.

कच्ची फिल्म यायची ती कोरी, बिनछिद्रांची. यंत्रात घालून तिच्या काठांना छिद्रं पाडायची, तीही अंधारात. उजेड लागला की फिल्म बाद. दिवसभर चित्रीकरणाच्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाक उरकून सरस्वतीबाई हे करत. मी हिशेब मांडला. एका फुटात सोळा चौकटी, प्रत्येकीला दोन्ही काठांवर चार-चार छिद्रं, म्हणजे फुटाला १२८. 'हरिश्चंद्र' होता ३,७०० फुटांचा. चार लाख त्र्याहत्तर हजार सहाशे! वाया गेलेली फिल्म आणि जादा प्रती यात धरलेल्याच नाहीत.

एकाच माणसाची दोन रूपं दाखवायची तर एकदा चित्रण झालेली फिल्म अंधारात उलटी गुंडाळायची आणि तिच्यावरच दुसरं चित्र घ्यायचं. हँडलच्या एका फेऱ्याला आठ चौकटी. मोजणी चुकली की देव भलत्या वेळी प्रकटणार. आणि छिद्र केसभर सरकलं तर प्रकटलेला देव थरथरणार. दादासाहेबांच्या कल्पकतेचं कौतुक मलाही आहेच, पण त्यांचे सगळे चमत्कार या छिद्रांवर टांगलेले होते. बाईंचे दागिनेही याच धंद्यात गेले.

आणि उरलं काय? 'हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत; तीही १९१७ च्या नव्या आवृत्तीची असावीत, असं काही अभ्यासक म्हणतात. तेव्हाची फिल्म नायट्रेटची. ती चिकट होते, मग तिची भुकटी होते, आणि पेटली तर पाण्यालाही दाद देत नाही. २००३ च्या जानेवारीत पुण्यातच नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली होती.

न जळलेली फिल्मही आकसते. अगदी थोडी, पण तेवढ्यानं छिद्रांमधलं अंतर बदलतं आणि यंत्राचे दात त्यांत बसेनासे होतात. रेटून चालवली, तर ती नेमकी छिद्रापाशी फाटते.