सुरतेचे न्यायमूर्ती

सुरत हे नाव उच्चारताच मराठी माणसाच्या मनात दोन चित्रे उभी राहतात. एक १६६४ आणि १६७० सालच्या शिवछत्रपतींच्या स्वाऱ्यांचे. दुसरे डिसेंबर १९०७ मधील काँग्रेस अधिवेशनाचे, ज्यात टिळक व्यासपीठावरून हलावयास तयार नव्हते आणि सुरेंद्रनाथांना लागून फिरोजशहांवर आदळलेल्या एका दक्षिणी जोड्याने राष्ट्रीय सभेची दोन शकले झाली. अलीकडे त्यात तिसरे चित्र मिळाले आहे, ते उधना-लिंबायतच्या मागांवर राबणाऱ्या खानदेशी माणसांचे. परंतु स्वतंत्र भारताचा पहिला सरन्यायाधीश याच तापीकाठच्या शहरात जन्मला, हे आमच्या वाचकांपैकी किती जणांस ठाऊक असेल? सर हरिलाल जेकिसनदास कनिया हे त्यांचे नाव. ३ नोव्हेंबर १८९० हा त्यांचा जन्मदिवस. १ मे १९६० पर्यंत सुरत आणि आपला किनारा एकाच मुंबई राज्यात होता, तेव्हा हा मनुष्य आपल्याला परका नव्हे.

वडील भावनगरच्या सामळदास महाविद्यालयात संस्कृतचे प्राध्यापक होते, पुढे तेथेच प्राचार्य झाले. गांधीजींनी थोडे दिवस शिकून सोडलेले ते हेच महाविद्यालय. हरिलाल १९१० साली तेथून पदवीधर झाले, मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयात कायदा शिकले आणि १९१५ पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेत वकिली करू लागले. १९०८ साली न्या. दावर यांनी टिळकांना सहा वर्षांची शिक्षा ठोठावली ती याच इमारतीत. कनियांनी मात्र राजकारणाची वाट धरली नाही. ज्या काळात त्यांच्या वयाची माणसे सनद फेकून तुरुंगात जात होती, त्या काळात ते न्यायासनाच्या पायऱ्या चढत होते: १९३० साली हंगामी, मग अतिरिक्त, १९३३ साली कायम न्यायाधीश, आणि १९४३ साली सरकारचा 'सर' हा किताब. चळवळीत वाढलेल्या आमच्यासारख्यांच्या भुवया येथे किंचित वर चढतात, हे कबूल केले पाहिजे. पण त्याच १९४३ साली ज्येष्ठतेच्या क्रमाने त्यांच्याकडे येणारे मुंबईचे मुख्य न्यायमूर्तिपद त्यांना डावलून सर लिओनर्ड स्टोन यांना देण्यात आले, हेही सांगावयास हवे. साहेबाच्या राज्यात किताब मिळे. खुर्ची मिळेलच असे नव्हते.

१९४६ साली ते दिल्लीच्या संघ न्यायालयात गेले आणि स्वातंत्र्याबरोबर त्याचे सरन्यायाधीश झाले. २६ जानेवारी १९५० रोजी राजेंद्रबाबूंना राष्ट्रपतिपदाची शपथ त्यांनीच दिली. दोन दिवसांनी संसद भवनातील नरेंद्र मंडळाच्या दालनात सर्वोच्च न्यायालयाचे उद्घाटन झाले. न्यायाधीश एकूण सहा.

हा प्रवेश सुखासुखी झाला नव्हता. मद्रास उच्च न्यायालयातील न्या. बशीर अहमद यांना कायम करण्यास कनियांनी विरोध केला, तेव्हा पंडित नेहरू इतके संतापले की, असा मनुष्य सरन्यायाधीश व्हावा काय, असाच प्रश्न त्यांनी सरदार पटेलांपुढे टाकला. सरदारांनी प्रकरण शांत केले. बशीर अहमद कायम झाले आणि कनियाही सरन्यायाधीश झाले. नेहरूंचा राग आम्हांस समजतो. तरीही प्रजासत्ताकाचा पहिला सरन्यायाधीश पंतप्रधानांच्या रोषामुळे बदलला गेला असता, तर पुढच्या पंतप्रधानांना तो पायंडा किती सोयीचा झाला असता, याची कल्पनाच केलेली बरी.

आता ज्या निकालासाठी कनियांचे नाव वकील मंडळी घेतात, त्याकडे वळू. ए. के. गोपालन हे केरळचे कम्युनिस्ट पुढारी. १५ ऑगस्ट १९४७ रोजी सारा देश रोषणाईत न्हात असता हा गृहस्थ तुरुंगात होता. मध्यंतरी सुटका झाली, पण डिसेंबरात पुन्हा पकडले गेले. साधे खटले टिकले नाहीत, तरी स्थानबद्धतेचे हुकूम एकामागून एक निघत राहिले. फेब्रुवारी १९५० मध्ये, राज्यघटनेची शाई वाळते न वाळते तोच, संसदेने प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा संमत केला आणि १ मार्चला त्याखालील नवा हुकूम गोपालन यांच्या हाती तुरुंगातच पडला. त्यांनी थेट सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावले. त्यांच्या बाजूने एम. के. नंबियार उभे राहिले. सरकारतर्फे महान्यायवादी सेटलवाड.

प्रश्न वरकरणी शब्दांचा होता. कायद्याने प्रस्थापित केलेल्या कार्यपद्धतीखेरीज कोणाचेही जीवित वा स्वातंत्र्य हिरावून घेता येणार नाही, असे २१ वा अनुच्छेद म्हणतो. नंबियार यांचे म्हणणे असे की, ती कार्यपद्धती न्याय्यही असली पाहिजे; संसदेने लिहिले म्हणून वाटेल ती पद्धत चालणार नाही. कनियांनी हे मानले नाही. त्यांचा युक्तिवाद स्वच्छ, कोरडा आणि कठोर होता: घटनासमितीने अमेरिकेच्या घटनेतील व्यापक शब्द पाहिले, तोलले आणि जाणीवपूर्वक बाजूला ठेवले, मग न्यायाधीशांनी ते मागच्या दाराने आत का आणावेत? घटनेच्या शब्दांत जे नाही, ते तिच्या आत्म्यात आहे असे म्हणून संसदेचा कायदा रद्द करता येणार नाही. १९ मे १९५० रोजी बहुमताने कायदा वैध ठरला. न्या. फझल अली यांनी भिन्नमत लिहिले. आरोपाची सूचना, बाजू मांडण्याची संधी आणि निःपक्ष न्यायमंडळ यांवाचून कार्यपद्धतीला कार्यपद्धती म्हणताच येत नाही, हे त्यांचे सार. डॉ. आंबेडकरांनाही ही उणीव जाणवली होती. म्हणूनच सप्टेंबर १९४९ मध्ये त्यांनी आजचा २२ वा अनुच्छेद घटनासमितीपुढे आणला होता. त्याने काही कवच दिले खरे, पण बिनखटल्याच्या तुरुंगवासाला घटनेत कायमची जागाही दिली.

खटल्यावाचून तुरुंगात पडलेल्या माणसांच्या संगतीत आम्ही वावरलो आहोत. शिक्षा झालेला कैदी दिवस मोजतो. स्थानबद्धाला मोजावयास काही नसते. त्यामुळे कनियांचा हा निकाल आम्हांस कधीही गोड वाटला नाही.

असा पेच एकट्या भारतापुढे आला असेही नाही. पश्चिम आफ्रिकेतील घाना १९५७ साली स्वतंत्र झाला आणि पुढच्याच वर्षी तेथे असाच कायदा आला. १९६१ साली स्थानबद्धांचा अर्ज सर आर्कू कोर्सा या पहिल्या घानी सरन्यायाधीशापुढे गेला. त्यांच्या न्यायालयाने कायदा उचलून धरला. दोन वर्षांनी एका राजद्रोहाच्या खटल्यात याच कोर्सांनी आरोपींना निर्दोष सोडले, तेव्हा अध्यक्ष एन्क्रुमांनी त्यांना पदावरूनच काढले. स्थानबद्धांची बाजू मांडणारे वकील डांक्वा स्वतः स्थानबद्ध होऊन १९६५ साली तुरुंगातच वारले. आपल्याकडे गोपालन १९५२ साली लोकसभेवर निवडून गेले. हा फरक लहान नव्हे.

कनियांना केवळ सरकारधार्जिणे म्हणून मोडीत काढणाऱ्यांनी मात्र आणखी एक तारीख पाहावी. गोपालन निकालानंतर बरोबर आठवड्याने, २६ मे १९५० रोजी, वृत्तपत्रांचे दोन खटले निकालात निघाले. मद्रास सरकारने रोमेश थापर यांच्या डाव्या विचारांच्या 'क्रॉसरोड्स'ला राज्यात बंदी केली होती; दिल्लीत 'ऑर्गनायझर' या उजव्या पत्रावर पूर्वतपासणी लादली होती. कनियांसह बहुमताने दोन्ही हुकूम रद्द केले. आणि येथे भिन्नमत कोणाचे? त्याच फझल अलींचे! स्थानबद्धाच्या बाजूने उभे राहिलेले न्यायमूर्ती आता सरकारच्या बाजूला, आणि स्थानबद्धाला परत पाठविणारे कनिया संपादकांच्या बाजूला. विसंगती वाटते, पण कनियांपुरती ती नाही. घटनेत 'सार्वजनिक सुव्यवस्था' हे निर्बंधाचे कारण लिहिलेले नव्हते, म्हणून सरकारला ते मिळाले नाही. 'न्याय्य' हा शब्द लिहिलेला नव्हता, म्हणून गोपालनलाही तो मिळाला नाही. तराजू तोच. सरकारला तो इतका झोंबला की जून १९५१ मध्ये पहिली घटनादुरुस्ती करून हवे ते शब्द घालून घ्यावे लागले. संपादकाच्या खुर्चीत बसून आम्ही हे विसरलो, तर ते कृतघ्नपणाचे होईल.

६ नोव्हेंबर १९५१ रोजी, एकसष्टी पूर्ण झाल्यावर तिसऱ्याच दिवशी, हृदयविकाराने कनियांचे पदावर असतानाच निधन झाले. त्यांच्या जागी ज्येष्ठतम न्या. पतंजली शास्त्री आले. हा ज्येष्ठतेचा संकेत १९७३ साली तिघा न्यायमूर्तींना डावलून मोडला गेला, तो इतिहास वाचकांस परिचित आहे. पुढे याच कनिया कुटुंबातील पुतणे मधुकर हिरालाल कनिया हेही १९९१ साली सरन्यायाधीश झाले.

गोपालन निकालाचा पाया १९७० साली बँक राष्ट्रीयीकरणाच्या खटल्यात हलला. २५ जानेवारी १९७८ रोजी मनेका गांधी खटल्यात कार्यपद्धती न्याय्य, उचित व वाजवी असलीच पाहिजे, असे न्यायालयाने सांगून टाकले. नंबियारांचे म्हणणे अठ्ठावीस वर्षांनी मान्य झाले. ते पाहावयास गोपालन नव्हते. आणीबाणी उठल्याच्या दुसऱ्याच दिवशी, २२ मार्च १९७७ रोजी, ते वारले होते.

कनियांच्या न्यायपीठाने त्या कायद्याचे एकच कलम, चौदावे, रद्द केले होते, तेही एकमताने. स्थानबद्धतेची कारणे न्यायालयासमोर उघड करणे हा त्या कलमाने गुन्हा ठरविला होता. आजही १९८० च्या राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखाली पकडलेल्या माणसाला सल्लागार मंडळापुढे वकील देण्याचा हक्क नाही. पण साधारणतः पाच दिवसांत त्याच्या हाती कारणांचा कागद पडतो, आणि तो कागद घेऊन त्याचा भाऊ किंवा बायको उच्च न्यायालयात जाऊ शकते.