टाइम-लॅप्स: फाळक्यांचा वाटाणा आणि तुमचा फोन

कॅमेऱ्यातलं टाइम-लॅप्स बटण नवीन वाटतं ना? ही युक्ती आपल्याकडे 1912 साली दादासाहेब फाळक्यांनी वापरली होती. तीही पोटासाठी!

फाळके मूळचे त्र्यंबकेश्वरचे. जे. जे. स्कूलमध्ये शिकले, गोध्र्यात फोटोग्राफी केली. सिनेमाचं वेड लागलं तेव्हा चाळिशी उलटलेली, डोळेही साथ देईनात. विमा पॉलिसी गहाण टाकून लंडन गाठलं, विल्यमसन कॅमेरा घेऊन आले. पण सिनेमाला पैसा कोण देणार?

मग त्यांनी वाटाणा पेरला आणि रोप वाढताना एकेक फ्रेम टिपली. ‘अंकुराची वाढ’ नावाची ती छोटी फिल्म बघून भांडवल मिळालं. बायको सरस्वतीबाईंनी दागिने दिले, वर फिल्मला भोकं पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतची कामंही केली. (हे नाव कमीच घेतलं जातं.) ‘राजा हरिश्चंद्र’च्या वेळी कॅमेरा त्र्यंबक तेलंगांकडे होता, त्यांना फाळक्यांनीच शिकवलं. 3 मे 1913 ला सिनेमा मुंबईच्या कोरोनेशनमध्ये लागला.

आता गणित. त्या काळी पडद्यावर सेकंदाला साधारण 16 फ्रेम जायच्या. म्हणजे मिनिटभराच्या फिल्मला 960. रोप महिनाभर वाढवायचं तर दिवसाला 32 फ्रेम. बस्स, एवढंच टाइम-लॅप्स: टिपायचं सावकाश, दाखवायचं भराभर.

आमच्या जिते गावात गणपतीचे कारखाने आहेत, तिथलंच उदाहरण घेतो. सकाळी 10 ते संध्याकाळी 6 रंगकाम चालतं. दर 10 सेकंदांनी एक फ्रेम घेतली तर 2880 होतात. फोन सेकंदाला 30 दाखवतो, म्हणजे 96 सेकंदांचा व्हिडिओ. नुसती डोळ्यांची आखणी हवी असेल तर अंतर 2 सेकंदांवर आणा, नाहीतर हात दिसणारच नाही, थेट डोळे उघडलेले दिसतील!

फोन हलता कामा नये. ट्रायपॉड नसेल तर विटांमध्ये घट्ट बसवा. स्क्रीनवर बोट दाबून फोकस आणि एक्स्पोजर लॉक करा, कारण ऑटोवर फोन प्रत्येक फ्रेमला उजेड नव्याने ठरवतो आणि व्हिडिओ लुकलुकतो. उन्हात मात्र लॉक फसतो, संध्याकाळी सगळं काळं येतं. ट्यूबलाइटखाली ठीक. चार्जर लावून ठेवा, फोन फ्लाइट मोडवर टाका. आणि हो, आधी कारागिराला विचारा. दिवसभर कॅमेरा रोखलेला सगळ्यांना चालतोच असं नाही.