मासे सोडले, पण नदी?

नांदेडच्या बाजारात सात-आठ किलोचा कटला फळीवर आला की दोन माणसे थांबतातच. एकजण ठामपणे सांगतो, "गंगेचा माल आहे." आपल्याकडे गोदावरीला गंगाच म्हणतात. दुसरा मान डोलावतो. या मोठ्या माशांबद्दलचे बरेचसे समज असेच मान डोलावून पुढे गेले आहेत.

गैरसमज : एवढा मोठा मासा म्हणजे लहान मासे गिळणारा शिकारी.

वस्तुस्थिती : त्याच्या तोंडात बोट घालून पाहा, जबड्याला दातच लागणार नाहीत. कार्प कुळातल्या माशांचे दात घशात असतात. कटल्याचा खालचा जबडा वर वळलेला असतो. पाण्याच्या वरच्या थरातले सूक्ष्म जीव गाळून खाणारे तोंड आहे ते. त्या खुराकावर वाढलेल्या 38 किलोपर्यंतच्या कटल्याची नोंद आहे. रोहू मधल्या थरात चरतो, मृगळ तळाशी. तिघांची पंगत वेगवेगळी, म्हणूनच ते एका तळ्यात एकत्र पाळता येतात. शिकारी म्हणायचे तर मरळीला म्हणा.

गैरसमज : रोहू म्हणजे आपल्या गंगेचाच मासा.

वस्तुस्थिती : रोहूचे मूळ घर उत्तरेकडच्या गंगा-ब्रह्मपुत्रेच्या खोऱ्यांत. तो दक्षिणेतल्या नद्यांत आणि तलावांत माणसाने आणून सोडला. गोदावरी-कृष्णेच्या खोऱ्यांतले जुने रहिवासी म्हणजे तांबर आणि खडस. खडस हा दख्खनचा महाशीर. कर्नल साईक्स यांनी 1839 मध्ये मुळा-मुठेतल्या या माशाचे शास्त्रीय वर्णन केले. रोहू वेगाने वाढतो, बाजारात खपतो, त्यामुळे बीज त्याचेच सोडले जाते. तांबर मात्र ताटातूनही गेला आणि बोलण्यातूनही.

गैरसमज : तलाव भरला की मासे आपोआप होतात.

वस्तुस्थिती : हा समज फुकाचा नाही. सिप्रिनस आणि चिलापी साठलेल्या पाण्यातही पिल्ले देतात. सिप्रिनस पाणवनस्पतींना अंडी चिकटवतो. मग तळ्यात बारीक मासळी दिसते आणि वाटते, सगळेच मासे इथे वाढतात.

रोहू, कटला, मृगळ यांचे तसे नाही. पावसाळ्यात नदीला पूर येतो, गढूळ पाणी काठाच्या उथळ भागात पसरते, तेव्हा ते अंडी घालतात. अंडी चिकट नसतात. पाणी शोषून फुगलेल्या काचेच्या मण्यांसारखी ती धारेबरोबर वाहत जातात आणि साधारण पंधरा-अठरा तासांत फुटतात. तलावातली मादी अंड्यांनी भरते, पण धार नाही, पूर नाही, म्हणून ती अंडी सोडत नाही. हे कोडे ओडिशात अंगुळला 10 जुलै 1957 रोजी सुटले. हिरालाल चौधरी यांनी माशाच्या पीयूष ग्रंथीचा अर्क टोचून कार्पचे प्रजनन घडवले. तो दिवस आज देशभर मत्स्य शेतकरी दिन म्हणून पाळतात.

2016 च्या एप्रिलमध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, तेव्हा मांजरा धरण कोरडे पडले होते. त्याच वर्षीच्या पावसात ते भरले. पाणी आभाळातून आले, पण रोहू-कटला आभाळातून येत नाहीत. असे भरलेले धरण पुन्हा माशांचे करायचे, तर हॅचरीतून मत्स्यजिरे आणायचे, ते बोटुकली होईपर्यंत वाढवायचे आणि मग सोडायचे. पिशवी थेट उपडी करायची नसते. ती आधी काही वेळ पाण्यावर तरंगत ठेवायची, आतले-बाहेरचे तापमान सारखे होऊ द्यायचे आणि मगच तोंड सोडायचे.

गैरसमज : चढणीचे मासे म्हणजे फुकटची मेजवानी.

वस्तुस्थिती : पहिल्या पुरात धारेविरुद्ध वर चढणारे मासे अंडी घालायला निघालेले असतात. रोहू-कटल्याच्या मादीच्या एका किलो वजनामागे लाखभराहून जास्त अंडी असतात. बंधाऱ्याखाली अडकलेली एक मादी काठीने मारली, की पुढच्या पिढीचा तेवढा हिस्सा पातेल्यात गेला. सुरुंग लावून किंवा विष कालवून मासे मारण्यावर तर 1897 च्या भारतीय मत्स्य कायद्यापासूनच बंदी आहे.

गैरसमज : बीज सोडले की संवर्धन झाले.

वस्तुस्थिती : बीज सोडल्याने जाळे भरते, भोयाच्या घरात पैसा येतो. ते हवेच. पण ती मासळीची शेती झाली. लोणावळ्याला टाटांच्या वळवण केंद्रात खडसाचे कृत्रिम प्रजनन यशस्वी झाले, ही कामगिरी मोठीच. मात्र त्याची पिल्ले कावेरीतही सोडली गेली आणि तिथे ती वाढली. कावेरीचा स्वतःचा, पाठीवर कुबड असलेला महाशीर मागे पडत गेला आणि आज तो अतिसंकटग्रस्त आहे. एका नदीचे भूषण दुसऱ्या नदीत पाहुणा म्हणून गेले आणि घरमालक होऊन बसले.

नदीच्या माशाला लागतात तीन गोष्टी : उन्हाळा काढायला डोह, पावसाळ्यात पूर आणि वर चढायला मोकळी वाट. वाळू उपसताना डोहाची मोडतोड होते, वाट बंधाऱ्यांनी अडते.

या वाटेचा एक तुकडा आपल्याकडे आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या 2013 च्या निकालानुसार धर्माबाद तालुक्यातल्या, गोदावरीवरच्या बाभळी बंधाऱ्याचे दरवाजे 1 जुलै ते 28 ऑक्टोबर उघडे ठेवावे लागतात. तंटा दोन राज्यांच्या पाण्याचा होता, पण तारखा पाहा : माशांच्या विणीचे महिने त्यात आले. त्याच्या वरच्या अंगाला बळेगाव, आमदुरा, विष्णुपुरी इथले बंधारे. त्या दरवाजांचे वेळापत्रक ठरवताना पिकांइतकाच या चार महिन्यांचाही विचार झाला, तर फळीवरच्या माशाला 'गंगेचा माल' म्हणणारा कधीतरी खरा ठरेल.