कादंबरी आपली, पडदा परका

शिवाजी सावंतांची ‘छावा’ 1979 सालची. तिच्यावर बेतलेला हिंदी चित्रपट 14 फेब्रुवारी 2025 रोजी आला, महाराष्ट्राने तो डोक्यावर घेतला आणि तीन आठवड्यांत, 7 मार्चला, त्याची तेलुगू आवृत्ती चित्रपटगृहांत लागली. तो मराठीत डब करावा अशी मागणी इथेही झाली होती, पण मराठी आवृत्ती लागली नाही. कादंबरी मराठी, दिग्दर्शक लक्ष्मण उतेकर मराठी, आणि संभाजीराजे पडद्यावर मराठी बोललेच नाहीत. वर्ष उलटलं तरी हे सलतं, कारण आपल्या भाषेत सिनेमा मागणारी आणि तो मिळवणारी माणसं मी वाशीतच पाहिली आहेत.

वाशीची पहिली वर्षं चार ओळींत संपतात. 1970 मध्ये सिडको स्थापन झाली, 1973 मध्ये खाडीवर पूल झाला. मग आखीव सेक्टर, पावसाळ्यातला चिखल आणि रविवारी दुपारी दूरदर्शनवर इंग्रजी अक्षरांसह लागणारा प्रादेशिक चित्रपट. मे 1992 मध्ये मानखुर्दची लोकल खाडी ओलांडून वाशीत आली आणि माटुंगा, चेंबूरकडची तमिळ कुटुंबं ऐसपैस घरासाठी इकडे सरकू लागली. नवा तमिळ चित्रपट पाहायला मात्र ती किंग्ज सर्कलच्या अरोरा टॉकीजलाच जात.

मला थांबावंसं वाटतं ते 1998 ते 2008 या दशकापाशी. तेव्हा सेक्टरांतल्या बाजारांत सीडी भाड्याने देणाऱ्या लायब्रऱ्या होत्या. अनामत ठेवायची, चोपड्यात नाव लिहायचं आणि दोन-तीन तबकड्यांत विभागलेला एक सिनेमा घरी न्यायचा. हिंदीचे खण गच्च भरलेले असत. तमिळचा एक खण असे, तोही शेजारच्या मामींसारख्या गिऱ्हाइकांमुळे. मामी दुकानात उभ्या राहून विचारत, ‘तमिळमध्ये आहे का? नसेल तर कधी आणणार?’ आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा जात. मराठीच्या खणात तेच ते विनोदी चित्रपट. ‘उंबरठा’ मागितला तर दुकानदार ‘सुबह’ पुढे करायचा. शांता निसळ यांच्या ‘बेघर’ या कादंबरीवर जब्बार पटेलांनी केलेला तोच चित्रपट, पण हिंदीतला. ‘एकच आहे की,’ म्हणायचा. ते एकच नव्हतं. स्मिता पाटील दोन्हींत आहे, पण आपल्या घराचा उंबरठा ओलांडणारी बाई आपल्या भाषेत बोलते तेव्हा तिचं म्हणणं थेट आपल्या स्वयंपाकघरापर्यंत येतं.

मामींना कादंबरीवरच्या चित्रपटांचं वेड होतं. त्यांच्या माहेरी कल्कींच्या ‘पोन्नियिन सेल्वन’ची साप्ताहिकातून कापलेली पानं बांधून ठेवलेली होती. 1950 ते 1954 अशी साडेतीन वर्षं ती कथा ‘कल्की’ साप्ताहिकात चालली होती. उमाचंद्रन यांच्या कादंबरीवरचा महेंद्रन यांचा ‘मुल्लुम मलरुम’ त्यांनी मला दाखवला. बदल्यात मी ‘सिंहासन’ आणला. अरुण साधूंच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्यांतून 1979 मध्ये उभा राहिलेला हा चित्रपट मी दर पाच मिनिटांनी थांबवून त्यांना हिंदीत समजावत बसलो. मंत्र्यांचे डावपेच त्यांना चटकन कळले. शेवटी त्यांनी विचारलं, ‘हा तमिळमध्ये मिळेल का? आमच्या घरच्यांना पाठवते.’ त्यानंतर ‘जैत रे जैत’, ‘बनगरवाडी’ आणि पुढे ‘नटरंग’, ‘शाळा’ यांची तमिळ आवृत्ती मी जिथे जिथे शोधली, तिथे रिकामाच परतलो.

याला एक तांत्रिक कारण आहे. डबिंग करायचं तर संवाद वगळून उरलेला ध्वनी, म्हणजे पार्श्वसंगीत, पावलं, दारं, गर्दी, वेगळा जपलेला लागतो. जुन्या चित्रपटांत अनेकदा तो हाती राहिलेला नसतो. मग सगळं पुन्हा उभं करावं लागतं आणि खर्च वाढतो. शिवाय प, ब, म या अक्षरांना ओठ मिटतात, म्हणून वाक्याचा अर्थ सांभाळून तोंडाशी जुळणारे शब्द शोधणारा लेखक लागतो. चेन्नईत हे काम करणारी माणसं पिढ्यान्‌पिढ्या तयार झाली. यान मार्टेल यांच्या कादंबरीवरचा ‘लाइफ ऑफ पाय’ 2012 मध्ये तमिळमध्ये आला. हॅरी पॉटरचे चित्रपटही आले.

आपल्याकडे असे लेखक नाहीत असं नाही. त्यांना काम मिळालं नाही. ‘मराठी माणसाला हिंदी कळतं’ हे वाक्य मी वितरणाच्या धंद्यातल्या माणसांकडून इतकी वर्षं ऐकलं आहे की त्याचा राग आता लपवत नाही. कळतं म्हणजे पुरतं का? माझ्या आईच्या पिढीतल्या बायका हिंदी सिनेमा निम्मा अंदाजाने पाहत. दुसरा दावा मराठी चित्रपटसृष्टीतूनच यायचा: डब चित्रपट आले तर आपले पडदे जातील. पडदे गेलेच, आणि ते हिंदीने नेले. कर्नाटकातही डबिंगवर अनेक दशकं अघोषित बंदी होती. 2015 मध्ये स्पर्धा आयोगाने तिच्याविरुद्ध निकाल दिला आणि 2017 पासून डब चित्रपट कन्नडमध्ये लागू लागले. कन्नड सिनेमा त्याने बुडाला नाही. त्याची मोठी झेप त्यानंतरचीच आहे.

वाशीतल्या त्या दशकाबरोबर सीडीच्या लायब्रऱ्या गेल्या. शेवटी मोसर बेअर कंपनीने अठ्ठावीस रुपयांत सीडी विकायला काढली आणि भाड्याचा हिशेबच उरला नाही. त्या दुकानांबरोबर गेलं ते काउंटरवरचं मागणं. दुकानदाराला आपला चेहरा माहीत असे, मागणी त्याच्या कानावर पडे आणि तो ती घाऊक बाजारात पोचवत असे. आता मोबाइलवर भाषांची यादी उघडते. ‘पोन्नियिन सेल्वन’ 2022 मध्ये तमिळ, तेलुगू, हिंदी, कन्नड आणि मल्याळम अशा पाच भाषांत आला, मराठीत नाही. गेल्या काही वर्षांत मराठी वाहिन्या दाक्षिणात्य चित्रपट डब करून दाखवतात, हे चांगलंच आहे. पण तिथे मारधाडीलाच मान आहे. पूमणींच्या ‘वेक्कै’ कादंबरीवरचा वेट्रिमारन यांचा ‘असुरन’ मराठीत बोलायला हवा. जमीन आणि जात यांचं ते दुःख अण्णाभाऊंच्या वाचकाला कुणी समजावून सांगावं लागणार नाही.

निर्मात्यांना विनवण्या करून झाल्या. आता बोलावं ते लेखकांशी, त्यांच्या वारसांशी आणि प्रकाशकांशी. कादंबरीचे हक्क त्यांच्या हातात आहेत, आणि सही होईपर्यंत निर्मात्याला त्यांची गरज असते. त्या करारात दोन कलमं घालायला हवीत: चित्रपट कोणत्याही भाषेत बनला तरी तो कादंबरीच्या भाषेत त्याच दिवशी प्रदर्शित होईल, आणि संवादाविना ध्वनी जपून इतर भाषांसाठी उपलब्ध राहील. पहिल्या कलमाने ‘छावा’सारखा चित्रपट मराठीत येईल, दुसऱ्याने पुढचा ‘सिंहासन’ तमिळ घरात पोचेल. मराठी कादंबरीला मागणी आहे तोवरच ही अट घालता येईल, आणि आज तशी मागणी आहे.